टाटाला पहिल्यांदा जाताय? निघायच्या आधी हे वाचा

टाटाला, म्हणजे मुंबईतल्या कॅन्सरच्या हॉस्पिटलात, जायला ओळख लागत नाही. हे सगळ्यात आधी लिहितेय कारण गावाकडून कुणाचाही फोन आला की पहिला प्रश्न हाच असतो, आत कुणी ओळखीचं आहे का, आमदार साहेबांचं पत्र आणू का, एक जण म्हणतोय थोडे पैसे दे मी लगेच नंबर लावतो, देऊ का. नका देऊ. परळच्या टाटा मेमोरियल हॉस्पिटलात ज्याला कॅन्सर आहे किंवा डॉक्टरांना तशी शंका आहे असं कुणीही स्वतः जाऊन नाव नोंदवू शकतं. गेटबाहेर जो माणूस आपणहून जवळ येऊन "काम करून देतो" म्हणतो त्याच्यापासून लांब राहा, एवढंच.

मी मूळची धाराशिव जिल्ह्यातली, आता कल्याणला असते. मावशीच्या तोंडाच्या कॅन्सरच्या निमित्ताने परळच्या चकरा सुरू झाल्या आणि तेव्हापासून गावातल्या, पाहुण्यातल्या ज्याला कुणाला टाटाला यायचं असतं तो आमच्याकडे फोन करतो. प्रत्येकाला तेच तेच सांगते म्हणून एकदा नीट लिहून ठेवतेय. औषधपाण्याचा सल्ला यात नाही, तो डॉक्टरच देतील. तिथे वाट कशी काढायची तेवढं सांगते.

आधी हे हॉस्पिटल कसलं आहे ते

टाटा सरकारी आहे का प्रायव्हेट, हे बऱ्याच जणांना कळत नाही. सर दोराबजी टाटांच्या पत्नी मेहरबाई 1931 साली ल्युकेमियाने, म्हणजे रक्ताच्या कॅन्सरने गेल्या, पुढच्याच वर्षी दोराबजीही गेले, आणि पुढे त्यांच्या ट्रस्टने 28 फेब्रुवारी 1941 ला हे हॉस्पिटल सुरू केलं. 1957 ला ते केंद्राच्या आरोग्य खात्याकडे गेलं आणि 1962 पासून अणुऊर्जा विभागाकडे आहे, त्यामुळे तिथल्या कागदांवर अणुऊर्जा विभागाचं नाव दिसलं तर गोंधळू नका, बरोबर ठिकाणी आलाय. 1966 ला परळचीच कॅन्सर संशोधन संस्था आणि हॉस्पिटल एकत्र आलं आणि त्याचं टाटा मेमोरियल सेंटर झालं.

म्हणजे इथे उपचार होतात, कॅन्सरचे डॉक्टर शिकून तयार होतात आणि संशोधनही चालतं, सगळं एकाच ठिकाणी. नवीन माणसाला वाटतं की आपल्याला काय करायचंय त्याच्याशी, पण तसं नाही, तिथे जे जे खटकतं ना त्यातलं बरंचसं यातूनच येतं. आधी तरुण डॉक्टर का बघतो, तोच प्रश्न तिसऱ्यांदा का विचारतात, बायोप्सीचा रिपोर्ट हातात असताना परत का तपासतात, एकच डॉक्टर फटकन का नाही सांगत काय करायचं ते, आणि मध्येच सहीसाठी चारपाच पानी कागद का देतात. हे आधीच माहीत असलं तर चिडचिड कमी होते आणि पेशंटचा जीव तरी शांत राहतो.

घरून निघायच्या आधी

कागदं. सगळी कागदं. बायोप्सीचा रिपोर्ट, सीटी-एमआरआयच्या फिल्म आणि त्यांची सीडी (नुसता रिपोर्ट चालत नाही, आतलं चित्र त्यांना स्वतः बघायचं असतं), रक्ताचे रिपोर्ट, आधी ऑपरेशन झालं असेल तर ऑपरेशनच्या नोट्स आणि डिस्चार्ज कार्ड, केमो झाली असेल तर कुठलं औषध किती आणि कधी, रेडिएशन झालं असेल तर त्याचा पूर्ण तपशील. सगळं तारखेप्रमाणे लावा, एक झेरॉक्स सेट वेगळा ठेवा आणि मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा. पेशंटचं आधार, रेशन कार्ड, बरोबरच्या माणसाचं आधार. आधारवरचं नाव आणि रेशन कार्डावरचं नाव जुळत नसेल तर ते गावातच दुरुस्त करून या, योजनेच्या काउंटरला त्यावरून अडतं आणि मग परळहून तहसीलला फोन करत बसावं लागतं.

आणि एक वस्तू जी जवळजवळ सगळे विसरतात, ती म्हणजे बायोप्सीचे स्लाइड आणि ब्लॉक. स्लाइड म्हणजे काचेच्या पट्ट्या, ब्लॉक म्हणजे मेणाचा छोटा चौकोनी ठोकळा ज्यात तुमच्या गाठीचा तुकडा जपून ठेवलेला असतो. टाटाचे पॅथॉलॉजिस्ट हे स्वतः तपासतात आणि मगच पुढे जातात, कारण कॅन्सरचा नेमका प्रकार चुकला तर सगळा उपचारच चुकतो. ज्या लॅबने बायोप्सी तपासली तिथे साधा अर्ज देऊन, सही करून हे मागायचं, ते तुमचंच आहे. लॅबवाला टाळाटाळ करायला लागला तर "टाटाला रिव्ह्यूला द्यायचंय" म्हणा. काचेच्या पट्ट्या प्लास्टिकच्या स्लाइड बॉक्समध्ये, आणि मेणाचा ठोकळा उन्हात किंवा गाडीच्या डॅशबोर्डवर अजिबात नको. हे नाही आणलं तर एक तर परत गावाला पळा नाहीतर परत सुई लावून घ्या, दोन्हीत दिवस जातात.

सुईवरून आठवलं. "सुई लावली की पसरतो" हे आपल्याकडे इतकं पक्कं बसलंय की लोक बायोप्सीला नको म्हणतात आणि सरळ "गाठ काढूनच टाका" म्हणतात. उलट करा. बायोप्सीने निदान झाल्याशिवाय आणि स्कॅन झाल्याशिवाय कुणालाही घाईत गाठ काढू देऊ नका. आमच्या नात्यातल्या एकाची मांडीची गाठ एका गावच्या हॉस्पिटलात साधी चरबीची समजून काढली, तपासायलाही पाठवली नाही, ती निघाली कॅन्सरची, आणि मग दुसऱ्यांदा कितीतरी मोठं ऑपरेशन करावं लागलं. पहिला उपचार बरोबर झाला तर पुढचं सगळं सोपं जातं.

मुंबईलाच यायला हवं का, हाही विचार करा. रेडिएशन म्हटलं की सोमवार ते शुक्रवार रोज आणि ते पाचसहा आठवडे चालू शकतं, एवढे दिवस घर, गुरं, पोरांची शाळा सोडून राहणं सोपं नाही. आमच्या भागात बार्शीला नर्गिस दत्त कॅन्सर हॉस्पिटल आहे, त्याचं टाटाशी जुनं नातं आहे, 1987 साली देशातली पहिली ग्रामीण कॅन्सर रजिस्ट्री, म्हणजे गावोगावच्या कॅन्सर पेशंटची नोंद ठेवायचं काम, तिथेच सुरू झाली. छत्रपती संभाजीनगरला सरकारी कॅन्सर हॉस्पिटल आहे, नागपूरलाही सोय आहे. 2012 ला टाटाच्या पुढाकाराने नॅशनल कॅन्सर ग्रिड झाली, देशभरातली कॅन्सर हॉस्पिटलं त्यात आहेत आणि उपचाराची पद्धत सगळीकडे सारखी असावी हाच तिचा हेतू. बऱ्याच पेशंटला टाटा स्वतःच प्लॅन आखून देतं आणि केमो तुमच्या जवळच्या ठिकाणी घ्या म्हणतं. असं सांगितलं तर "आम्हाला हाकललं" असं मनात आणू नका, बहुतेक वेळा ते तुमच्या सोयीचंच असतं.

नाव नोंदवणं, आणि जनरल की प्रायव्हेट

टाटाच्या वेबसाइटवर ऑनलाइन नोंदणी करता येते, नाहीतर सकाळी लवकर जाऊन काउंटरवर. ऑनलाइन जमत असेल तर तेच करा, गावातल्या कुठल्याही शिकलेल्या पोराला जमेल. नाव आधारवर आहे तसंच टाका, टोपणनाव नको. मोबाइल नंबर असा द्या जो खरंच कुणीतरी उचलतं, कारण मेसेज त्यावरच येतात.

तिथे विचारतात, जनरल की प्रायव्हेट. डॉक्टर आणि उपचार दोन्हीकडे तेच. प्रायव्हेटला पैसे बरेच जास्त, वेटिंग थोडं कमी आणि ठरावीक मोठ्या डॉक्टरांची अपॉइंटमेंट मिळते. लोक घाबरून, जनरलला नीट बघत नसतील असं वाटून, प्रायव्हेट घेतात आणि दोन महिन्यांत पैसे संपतात. कॅन्सरचा खर्च एकदाचा नसतो, तो महिनोन्महिने चालतो. योजनेचा लाभ घ्यायचाय, ट्रस्टची मदत लागणार आहे, असं थोडं जरी वाटत असेल तर जनरलच घ्या, यात कमीपणा काही नाही. माझं मत विचाराल तर नोकरदार, पगारी माणसानेही आधी जनरलचाच विचार करावा.

पोचायचं कसं, राहायचं कुठे

सेंट्रलने आलात तर परळ, वेस्टर्नने आलात तर प्रभादेवी, दोन्ही स्टेशनं पुलाने जोडलेली आहेत. बाहेर शेअर टॅक्सीवाल्याला केईएम-टाटा म्हणा, तो सोडतो. लांबच्या गाडीने येत असाल आणि गाडी दादरला थांबत असेल तर दादरलाच उतरा. लोकलमध्ये दिव्यांगांच्या डब्यात कॅन्सरच्या पेशंटला बसता येतं, हे पुष्कळांना माहीत नसतं आणि बिचारे केमो घेऊन गर्दीच्या डब्यात लोंबकळत जातात. हॉस्पिटलचं कार्ड हाताशी ठेवा म्हणजे कुणी विचारलं तर दाखवता येतं.

राहण्याचं हे सगळ्यात अवघड. हॉस्पिटलच्या बाहेर फुटपाथवर ताडपत्री टाकून राहिलेली कुटुंबं तुम्हाला दिसतील, बिहार, बंगाल, आपला विदर्भ, सगळीकडची. ते बघून पोटात कालवतं पण तुम्हाला तिथे राहायची वेळ येऊ नये म्हणून पहिल्याच दिवशी, फाइल झाली की लगेच, मेडिकल सोशल वर्कच्या विभागात जा आणि धर्मशाळांची यादी आणि पत्र मागा. दादरला गाडगे महाराजांची धर्मशाळा आहे, परळलाच नाना पालकर स्मृती समितीची रुग्णसेवा इमारत आहे, वांद्र्याला डॉ. अर्नेस्ट बोर्जेस होम आहे, आणखीही बऱ्याच संस्था आहेत. पेशंट लहान मूल असेल तर सेंट ज्यूडची केंद्रं आहेत, तिथे आईबापासकट राहता येतं आणि स्वयंपाकाची सोय असते. जागा लगेच मिळेलच असं नाही, नंबर लावून ठेवा, रोज जाऊन विचारा, विचारणाऱ्याला मिळते. तोवर एकदोन रात्री कुठल्या तरी पाहुण्याकडे, मग ते वसई असो नाहीतर बदलापूर, आधीच सांगून ठेवा.

धर्मशाळेत बहुतेक ठिकाणी पेशंटबरोबर एकदोन माणसंच ठेवतात. गावाहून आठ जण जीप करून येतात, तसं नका करू. दोघं या. एक पेशंटजवळ बसणारा आणि एक पळणारा, वाचता लिहिता येणारा, मोबाइलवरून पैसे भरता येणारा.

पहिला दिवस

सकाळी लवकर, नाश्ता करून, पाण्याची बाटली आणि काहीतरी खायला घेऊन या, कारण दिवस तिथेच जाणार. काउंटरवर फाइल निघते आणि केस नंबर मिळतो, हा नंबर पाठ करा, पुढे नावाआधी तोच विचारतात. एक स्मार्ट कार्ड मिळतं, त्यात पैसे भरून ठेवायचे आणि तपासणीचे, औषधांचे पैसे त्यातून कापले जातात. एकदम सगळे पैसे भरू नका, लागतील तसे भरा. उरलेले परत मिळतात, पण कार्ड आणि पावत्या जपा.

इमारती बऱ्याच आहेत, मेन बिल्डिंग, गोल्डन ज्युबिली, होमी भाभा ब्लॉक, ॲनेक्स, आणि पहिल्या दिवशी चुकायला होतंच. विचारा, लाजू नका. टाटाने टिस म्हणजे टाटा सामाजिक विज्ञान संस्थेबरोबर 2019 पासून "केवट" नावाचा उपक्रम सुरू केलाय, त्यात खास शिकून तयार झालेले पेशंट नॅव्हिगेटर असतात, त्यांचं कामच नवीन पेशंटला वाट दाखवणं आहे. हिंदी सगळीकडे चालते, मराठीही पुष्कळांना येते.

मग ओपीडी. इथे अवयवाप्रमाणे वेगवेगळे विभाग आहेत, डोकं-मान, स्तन, स्त्रियांचे, पोटाचे, छातीचे, हाडांचे, रक्ताचे, लहान मुलांचे, आणि प्रत्येकाला डीएमजी म्हणतात, म्हणजे त्या एका रोगासाठी सर्जन, केमोचे, रेडिएशनचे, पॅथॉलॉजीचे डॉक्टर मिळून बनलेला गट. आत गेलात की पहिल्यांदा भेटणारा डॉक्टर तरुण असेल. तो शिकाऊ आहे म्हणून नाराज होऊ नका, हे एमबीबीएस होऊन पुढचं शिकून आता खास कॅन्सरचं शिकणारे डॉक्टर असतात आणि त्यांनी लिहिलेलं सगळं मोठे डॉक्टर तपासतात.

मावशीचंच सांगते. आधीच्या दोन डॉक्टरांनी विचारलं होतं तंबाखू खाता का, ती नाही म्हणाली होती आणि कागदावर तसंच लिहिलेलं. टाटाला एक रेसिडेंट मुलगी होती, दक्षिणेकडची असावी, मोडकंतोडकं मराठी, ती सगळं पहिल्यापासून विचारायला लागली, मावशी वैतागली, किती वेळा तेच. आणि मग ती मुलगी स्वतःच्या दातावर बोट फिरवून म्हणाली, "मिश्री लावता?" मावशी म्हणाली, "ती लावतेच की. दाताला. सकाळ-संध्याकाळ." मिश्री म्हणजे भाजून पूड केलेली तंबाखूच. किती वर्षं? लग्नाआधीपासून. त्या मुलीने पेन थांबवून मावशीकडे बघितलं, मग लिहिलं, आणि जबड्याच्या कुठल्या बाजूला दाबून ठेवता, रात्री धुता का, असं आणखी दहा मिनिटं विचारत बसली. गाठ बरोबर त्याच बाजूला होती. म्हणून परत परत विचारलं तर परत परत सांगा, आणि तंबाखू, गुटखा, दारू, मिश्री, बाबाबुवाचं औषध, सगळं खरं सांगा. तिथे कुणी नाव ठेवत नाही.

तपासण्यांचे दिवस

पहिल्याच फेरीत उपचार सुरू होतील असं धरून येऊ नका. स्लाइड रिव्ह्यू, रक्त, स्कॅन, कधी परत बायोप्सी, यात दिवस जातात आणि तारखा लांबच्या मिळतात, गर्दीच तेवढी आहे. तारीख फार लांबची असेल तर डॉक्टरांना सरळ विचारा की ही तपासणी बाहेरून करून आणली तर चालेल का, आणि चालत असेल तर कुठल्या प्रकारची, ते कागदावर लिहून घ्या. न विचारता बाहेर करून आणलं आणि ते उपयोगाचं निघालं नाही की पैसे गेले.

पेट स्कॅनला उपाशीपोटी जायचं असतं, शुगरचा पेशंट असेल तर आधीच सांगा. त्या दिवशी पुढचे काही तास पेशंटला लहान पोरं आणि गरोदर बाईपासून लांब ठेवायला सांगतात, कारण इंजेक्शनमधून किरणोत्सर्गी औषध दिलेलं असतं. सीटीला रंगाचं इंजेक्शन देण्याआधी किडनीचा रिपोर्ट बघतात. एमआरआयला शरीरात कुठे धातू, पेसमेकर असेल तर सांगायचं. मंगळसूत्र, जोडवी घरीच काढून ठेवा, तिथे सांभाळत बसावं लागतं.

निर्णय होतो तो दिवस

सगळे रिपोर्ट आले की तुमची केस जॉइंट क्लिनिकला जाते, म्हणजे वेगवेगळ्या विषयांचे डॉक्टर एकत्र बसून ठरवतात आधी ऑपरेशन, का आधी केमो, का रेडिएशन. एकाच डॉक्टरवर सोडण्यापेक्षा हे कितीतरी चांगलं, आणि माझ्या मते टाटाला यायचं सगळ्यात मोठं कारण हेच आहे.

त्या दिवशी डोकं चालत नाही, म्हणून प्रश्न आदल्या रात्री वहीत लिहून न्या. कुठल्या स्टेजला आहे. उपचार पूर्ण बरं करण्यासाठी आहेत का त्रास कमी करून आयुष्य वाढवण्यासाठी आहेत, हा प्रश्न विचारायला जीभ रेटत नाही पण विचाराच, कारण जमीन विकायची की नाही हे त्यावरच ठरतं. किती दिवस मुंबईत राहावं लागेल. एकूण खर्च अंदाजे किती. पेशंट तरुण असेल तर पुढे मूल होण्याचं काय, बीज साठवून ठेवता येतं का, हे केमोच्या आधी विचारायचं, नंतर विचारून उपयोग नाही. तोंडाचा कॅन्सर असेल तर दात कधी बघून घ्यायचे, कारण खराब दात रेडिएशनच्या आधी काढावे लागतात, नंतर काढले तर जबडा भरून न येण्याचा धोका असतो.

आणि पेशंटपासून लपवू नका. "आईला सांगू नका डॉक्टर" असं म्हणणारे खूप भेटतात, पण त्या इमारतीत पाऊल टाकल्यावर आईला कळलेलंच असतं. तिला कुणाशी बोलता येत नाही एवढंच होतं.

अभ्यासात भाग घेता का असं विचारलं तर

हे ऐकून लोक पळतात, "आमच्यावर प्रयोग करणार". नीट समजून घ्या. अभ्यास म्हणजे क्लिनिकल ट्रायल, बहुतेक वेळा दोन उपचारांपैकी जास्त चांगला कुठला हे बघायचं असतं. त्याला एथिक्स कमिटीची मंजुरी लागते, संमतीपत्र तुमच्या भाषेत मिळतं, ते घरी नेऊन वाचायला मागा, शिकलेल्या माणसाला दाखवा. नाही म्हणायचा पूर्ण हक्क आहे, हो म्हणून मधेच बाहेर पडायचाही हक्क आहे, आणि नाही म्हटल्याने नेहमीचे उपचार थांबत नाहीत. विचारायचं एवढंच, यात भाग घेतला नाही तर मला काय उपचार मिळतील, जास्तीच्या तपासण्या किती, त्याचा खर्च कोण करणार, काही त्रास झाला तर जबाबदारी कुणाची.

यातून काय मिळतं ते मावशीच्या ऑपरेशनवेळी कळलं. तोंडाचा कॅन्सर सुरुवातीचा असेल तर मानेतल्या गाठी त्याच वेळी काढाव्यात की नंतर वाढल्या तरच, यावर जगभरात वाद होता. टाटाने आपल्याकडच्या पेशंटवर अभ्यास करून 2015 ला दाखवलं की त्याच वेळी काढल्या तर तीन वर्षांनी 80 टक्के लोक हयात होते, वाट बघितलेल्यांमध्ये साडेसदुसष्ट टक्के. मावशीची मान का उघडणार म्हणून आम्ही घाबरलो होतो, त्याचं उत्तर हे होतं.

आणि आमच्या जिल्ह्याचं तर मला फार वाटतं. तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात खेड्यापाड्यातल्या 1 लाख 31 हजारांहून जास्त बायकांचा टाटा, बार्शीचं हॉस्पिटल आणि जागतिक कॅन्सर संशोधन संस्था यांनी मिळून अभ्यास केला, गर्भाशयाच्या तोंडाचा कॅन्सर आधी ओळखायला कुठली तपासणी चांगली. 2009 ला निष्कर्ष आला, एचपीव्ही, म्हणजे ज्या विषाणूमुळे हा कॅन्सर होतो, त्याची एकच तपासणी केलेल्या गटात या कॅन्सरने होणारे मृत्यू जवळपास निम्मे. शेतात खुरपायला जाणाऱ्या बायका, नवऱ्याला, सासूला विचारून तपासणीला आल्या, त्यांच्यामुळे जगाला कळलं. त्यातल्या कुणाचं नाव कुठे छापलेलं नाही, पण ज्या बाईची आज ही तपासणी होते तिने हे ऐकलेलं असावं. रक्ताच्या काही कॅन्सरवरची कार-टी थेरपी, म्हणजे पेशंटच्याच रक्तातल्या पेशी बदलून परत द्यायच्या, आयआयटी मुंबई आणि टाटा यांनी मिळून देशात तयार केलेली, तिला 2023 ला मंजुरी मिळाली, तीही ट्रायलमध्ये पेशंट आले म्हणूनच.

पैसे

महात्मा फुले जन आरोग्य योजना आणि आयुष्मान भारत, दोन्हीचं मिळून कुटुंबाला वर्षाला 5 लाखांपर्यंत संरक्षण आहे. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे मंजुरी आधी आणि उपचार नंतर. आधी पैसे भरून टाकले आणि मग योजनेच्या काउंटरला गेलात तर परत मिळवणं फार अवघड. म्हणून प्लॅन ठरला की त्याच दिवशी तिकडे जा. योजनेत न बसणाऱ्या गोष्टीसाठी डॉक्टरांकडून खर्चाचं अंदाजपत्रक घ्या, तहसीलदाराचा उत्पन्नाचा दाखला गावाहून मागवा आणि सोशल वर्करकडे बसा, मुख्यमंत्री सहाय्यता निधी, पंतप्रधान निधी, वेगवेगळे ट्रस्ट यांचे अर्ज ते भरून देतात. औषधं हॉस्पिटलच्याच दुकानातून घ्या, बाहेरच्यापेक्षा पुष्कळ स्वस्त पडतात. सोनं मोडायच्या, सावकाराकडे जायच्या आधी सोशल वर्करला भेटा, एवढं ऐका माझं.

उपचार चालू असताना

केमोच्या काळात ताप 100.4 च्या वर गेला तर रात्र असो की दिवस, लगेच कॅज्युअल्टी. क्रोसिन देऊन सकाळची वाट बघायची नाही, पांढऱ्या पेशी कमी असतात आणि तासातासाला बिघडू शकतं. घरात थर्मामीटर हवाच. उकळलेलं पाणी, ताजं शिजवलेलं अन्न, रस्त्यावरचा ज्यूस आणि चिरलेली फळं नको. रेडिएशनसाठी अंगावर काढलेल्या खुणा अंघोळीत घासू नका. हातात पिक लाइन, म्हणजे केमोसाठी शिरेत बसवलेली बारीक नळी, असेल तर तिचं ड्रेसिंग वेळच्या वेळी. नाकातून नळी घातली तर लोकांना वाटतं आता संपलं, पण ती नळी उपचार पूर्ण व्हावेत म्हणून असते, मावशीने तिच्यातूनच पातळ वरण, दूध, नाचणीची पेज घेऊन दिवस काढले. कुणी सांगितलेला काढा, भस्म चालू करायचं असेल तर डॉक्टरांना सांगून, लपवून नाही.

रक्त किंवा प्लेटलेट लागतात तेव्हा धावपळ होते, मुंबईत असलेल्या गावकऱ्यांची यादी आधीच करून ठेवा. तरुण पोरं येतात, फक्त सांगणारं कुणी हवं.

दुखत असेल तर सहन करायचं नाही. पॅलिएटिव्ह केअर म्हणून वेगळा विभाग आहे, ते मॉर्फिनच्या गोळ्या देतात, डॉक्टरांनी सांगितलेल्या मात्रेत घेतल्या तर व्यसन लागेल म्हणून घाबरायचं कारण नाही. तिकडे पाठवलं म्हणजे हात टेकले असा अर्थ घेऊ नका, उपचार चालू असतानाही तिकडे पाठवतात.

काहींना खारघरला, ॲक्ट्रेकला पाठवतात. ते टाटाचंच आहे, बोन मॅरो ट्रान्सप्लांट, प्रोटॉनचं रेडिएशन, प्रयोगशाळा तिकडे. परळहून हॉस्पिटलची बस जाते, वेळ विचारून घ्या, नाहीतर हार्बरने खारघर.

घरी जाताना

डिस्चार्ज कार्ड आणि पुढची तारीख लिहून घ्या. गावच्या डॉक्टरसाठी एक चिठ्ठी मागा, काय त्रास झाला तर काय करायचं याची. रेल्वेच्या सवलतीचा फॉर्म हॉस्पिटलमधून सही-शिक्क्यासह घ्यायचा, तिकीट खिडकीवर काढायचं. स्लीपर आणि थ्री एसीला पेशंटचं तिकीट पूर्ण माफ, बरोबरच्या एका माणसाला 75 टक्के सवलत. एसटीतही कॅन्सर पेशंटला सवलत आहे, डेपोत विचारा.

फॉलोअपच्या तारखा चुकवू नका, बरं वाटतंय म्हणून तर अजिबात नाही. पहिली दोन वर्षं जास्त जपायची. सुगीचे दिवस, लग्नसराई आली की लोक तारीख पुढे ढकलतात, त्यापेक्षा तारीख घेतानाच सांगा की या महिन्यात जमणार नाही. मधेच नवीन गाठ लागली, आवाज बदलला, वजन उतरलं तर तारखेची वाट न बघता जा, फाइल घेऊन. आणि मोबाइल नंबर बदलला तर फाइलवरचा नंबरही लगेच बदलून घ्या, नाहीतर तारीख बदलल्याचा मेसेज जुन्या नंबरवर जातो आणि तुम्ही रात्रभर प्रवास करून परळला येऊन परत जाता.